घरच्या मातीला दोन शब्द

(तेलंगणातल्या नेरडीगोंडा गावातलं घर. दिवेलागण झाली आहे. ओसरीवर बाप आणि लेक.)

आरोही: पण तुम्हाला बोलायला सांगितलं कोणी, बाबा?

नरसिंगराव: कोणीच नाई.

आरोही: मग उभे काऊन राह्यले?

नरसिंगराव: सवय. चिता पेटली, लोकं बाजूला बसले, सगळे गप झाले. गप झाले की मी उठतो. गावात कोणाची बी माती असो, दोन शब्द मीच बोलतो. आज बी पाय आपोआप उठले.

आरोही: मला वाटलं, आईबद्दल काहीतरी बोलाल. तुमचं, आतलं. मी ऐकत होते. आणि तुम्ही म्हणले, ‘कैलासवासी कुमुदिनीबाई ह्या आपल्या गावचे किराणा व्यापारी श्री. नरसिंगराव यांच्या पत्नी होत.’

नरसिंगराव: म्हणलो.

आरोही: ‘यांच्या’ म्हणे. जसे काही ते कोणी दुसरेच आहेत. ‘त्यांच्या कुटुंबावर दुःखाचा डोंगर कोसळला आहे, आपण सगळे त्यांच्या दुःखात सहभागी आहोत.’ आणि मग माझ्याकडे हात करून, ‘त्यांची एकुलती एक मुलगी हैदराबादहून आलेली आहे, ईश्वर तिला बळ देवो.’ ती मुलगी मी होते, बाबा. आईला अग्नी देऊन तुमच्यासमोर उभी होते.

नरसिंगराव: आरू...

आरोही: तेवढ्यावरही थांबले नाही. तेच सगळं परत तेलुगूत.

नरसिंगराव: तेलुगू लोकं बी आलते ना. त्याईले समजाया पायजे म्हणून मी नेहमीच दोनदा बोलतो.

आरोही: लोक एकमेकांच्या तोंडाकडे पाहत होते. नागनाथकाका तुम्हाला बसवायला उठले, तर तुम्ही त्यांनाच हातानं थांबवलं आणि म्हणले, आता दोन मिनिटं स्तब्ध उभं राहू. मला भीती वाटली हो. आई तर गेली, आता बाबाही हातचे गेले काय, असं वाटलं.

नरसिंगराव: मले कुठं काय समजत होतं. बोलणं बरं झालं, असंच वाटून राह्यलं होतं. मग संपलं, अन मी नेहमीसारखा घरमालकाचा हात धराया निघालो.

आरोही: कोणाचा?

नरसिंगराव: घरमालकाचा. ज्याच्या घरचं माणूस गेलं त्याचा. बोलणं झालं की मी जाऊन त्याचा हात धरतो, नेहमी. आज इकडं पाहून राह्यलो, तिकडं पाहून राह्यलो, तो माणूसच सापडंना. सगळे माह्याकडं पाहत. मग नागनाथनं येऊन माहाच हात धरला. तवा समजलं.

आरोही: बाबा.

नरसिंगराव: तेवढंच समजलं. त्याच्यापुढं अजून काई समजलं नाई. रडू बी येत नाई. सकाळी ती अंगण झाडत होती. मी दुकानाचं शटर वर करत होतो, झाडण्याचा आवाज बंद झाला म्हणून मागं पाह्यलं, तं ती खाली पडली होती अन झाडू हातातच. मी अजून तिथंच उभा हाय, आरू.

आरोही: थोडं पाणी तरी घ्या.

नरसिंगराव: नको. एक मात्र ठरवलं. याच्यापुढं कोणाच्या मातीला मी तोंड उघडणार नाई. इतके वर्षं लोकांले सांगत फिरलो, धीर धरा, मन घट्ट करा. आज माह्यावर आलं, तं त्यातला एक शब्द कामी नाई आला. लोकांच्या घरी जाऊन जाऊन मी फुटके मडके वाटले, आरू. कोणाचंच पाणी भरलं नसंल त्यात.

आरोही: असं नका म्हणू.

नरसिंगराव: दारात कोण हाय पाह्य.

सोनाबाई: मी हाय, भाऊ. सोनाबाई, भाजीवाली. आज तुमच्या घरी चूल पेटत नसते, म्हनून कडू घास घेऊन आली. भाकर अन वरन हाय. आरोही, ताट आन बाई. दोघं बी उपाशीच असान.

आरोही: बाबा पाणीसुद्धा घेत नाहीत, मावशी.

नरसिंगराव: ठेव तिथं, सोनाबाई. घशाखाली उतरत नाई.

सोनाबाई: उतरत नसतेच. माहा पोरगा नागेश गेला तवा मले बी उतरत नोतं.

नरसिंगराव: नागेश. हायवेवर गेला तो. त्याच्या मातीला बी मीच बोललो होतो.

सोनाबाई: लई चांगलं बोलले म्हंतात लोकं. मले सांगाया लोकं घरी आलते. पर मले त्यातला एक शब्द आठवत नाई, भाऊ. खोटं कायले बोलू.

नरसिंगराव: ऐकलं, आरू? हेच म्हणून राह्यलो मी.

सोनाबाई: माहं पुरं तं ऐका. संध्याकाळी तुमी भेटाया घरी आलते. निघाले, फाटकापर्यंत गेले, अन तिथून परत आले. दारात उभे राहून म्हनले, ‘सोनाबाई, आज काईच समजून घेऊ नको. पोरगं काऊन गेलं, आता कसं होईन, काई नाई. आज दोन घास खाय अन पडून राह्य. समजाया पुढं लई दिवस हायेत.’ एवढं बोलले अन गेले.

नरसिंगराव: हं.

सोनाबाई: मी तसंच केलं. दुसऱ्या दिवशी उठली, तं पुन्हा मनाशी म्हनलं, आज बी नाई समजून घेत. असं रोजच म्हनत गेली. म्हनत म्हनत भाजीची पाटी उचलून बाजारात बसाया लागली. मले अजून बी पुरं समजलं नाई, भाऊ. पर उभी तं हाय.

नरसिंगराव: ते माहं नोतं, सोनाबाई.

सोनाबाई: आता घ्या. माह्या कानानं ऐकलं मी.

नरसिंगराव: बोललो मीच. सांगून धाडलं होतं तिनं.

आरोही: आईनं?

नरसिंगराव: कोणाच्या मातीला निघालो की खांद्यावर उपरणं टाकत सांगायची, घरच्या बाईले एवढं म्हणून या. मले ते भाषणात घ्यायासारखं वाटत नसे. लई साधं, चुलीपाशी बोलल्यासारखं. कधी विसरून बी जायचो. मग फाटकातून परत फिरायचो, कारण घरी आलो की ती पह्यले विचारायची, सांगितलं का. चहा त्याच्यानंतर.

आरोही: मला कधी बोलली नाही ती.

नरसिंगराव: कोणालेच नाई. लोकं म्हणायचे, नरसिंगराव लई धीर देतो. मी आपलं ऐकून घ्यायचो.

सोनाबाई: म्हंजे ते वैनीचं होतं. अन मी इतके दिवस तुमाले दुवा देऊन राह्यली.

नरसिंगराव: तिले द्यायाची होती.

सोनाबाई: तिले बी पोचली असंन. आता तिचंच ऐका. आज काई समजून घेऊ नका. बोलनं बंद करन्याचा फैसला बी आज नको. हे ताट धरा अन तोंड उघडा. मोठा गिळवत नाई म्हनून लहानच केला घास.

आरोही: घ्या ना, बाबा.

नरसिंगराव: तू घे आधी. तू बी सकाळपासून तशीच हायेस.

आरोही: मी घेतला. हे पाहा.

सोनाबाई: घ्या, भाऊ. चावा. घाई नाई.

नरसिंगराव: वरणात मीठ कमी हाय.

सोनाबाई: असंन. अंदाजानंच टाकलं आज.

नरसिंगराव: कुमुद असती तं... आरू.

आरोही: काय, बाबा?

नरसिंगराव: कुमुद गेली.

आरोही: हो, बाबा.

नरसिंगराव: तुही आई गेली, आरू.

सोनाबाई: ताट इकडं द्या, भाऊ. मी धरते. तुमी रडून घ्या.