आधी थोडं थांबून ऐकायचं

मुलांनो, कल्पना करा: कुओपिओ शहरात बर्फ पडून गेलंय आणि बालतपासणी केंद्राच्या खिडकीखाली बाबागाडीत आठ महिन्यांचा ओइवा दुलईत निजलाय. आपल्या फिनलंडात बाळं दुपारी अशीच बाहेर झोपतात. आत बाकावर मी बसलोय आणि माझ्या शेजारी त्याची आई इल्ता आणि आजी आऊने बसल्या आहेत. इल्ताच्या हातातल्या छोट्या यंत्रातून बाहेरचा आवाज ऐकू येतो.

“कुरकुरतोय गं. जाऊन गाडी हलवते.”

“आई, बस खाली. नर्सबाई काय म्हणाल्या? नवं संशोधन सांगतं, आधी थोडं थांबून ऐकायचं.”

“रडू द्यायचं लेकराला? असलं कसलं मेलं संशोधन!”

“रडला तर मीच धावेन. पण नुसती कुरकुर असेल, तर बरीच बाळं आपली आपण पुन्हा झोपतात म्हणे. आपणच हलवून त्यांना जागं करतो.”

“बरीच म्हणजे सगळी नाहीत ना?”

“नाहीत. तेही सांगितलं त्यांनी. म्हणून तर ऐकायचं.”

“तुला मी हलवूनच वाढवलं.”

“आणि मी रात्रभर त्याची गाडी हलवते. सोमवारपासून मला बस चालवायचीय, आई. स्टिअरिंगवर डुलकी लागली तर?”

“असं अभद्र बोलू नकोस.”

“मग ती मांडीवरची पिशवी हलवणं थांबव. केव्हाच झोपली ती.”

“हात ऐकत नाहीत गं! … अगं, थांबला बघ. बोटं चोखतोय वाटतं. झोपला! इल्ता, ऐकलंस का?”

इल्ताने ऐकलं नव्हतं. आईच्या खांद्यावर डोकं टेकून, कुणी न हलवता, आऊनेची लेक गाढ झोपली होती.