लहान्याची निजायची जागा

अनुपमा: …आणि दूध अजिबात नाही, ताई. चार दिवस. डॉक्टरांनी कागदावर खाली रेघ मारून दिलीय.

निशिगंधा: दूध नाही तं मंग काय देऊ त्याले? दोन महिन्याचं पिल्लू हाये ते.

अनुपमा: भाताची पेज. पातळ. मीठ नाही, तिखट नाही. संध्याकाळी सहाला एकदा, आठला एकदा. दोन-दोन चमचे.

निशिगंधा: दोन चमचे? अव बाई, दोन चमच्यानं त्याच्या मिशाबी ओल्या होत नाहीत. रोज वाटीभर दूध-भाकर खाते तो मायाकडं.

अनुपमा: तेच तर झालं ना. तुमच्याकडे वाटीभर, माझ्याकडे वाटीभर.

निशिगंधा: तू काऊन देत होती पण?

अनुपमा: सातच्या सुमाराला मधल्या भिंतीतल्या सांडपाण्याच्या मोरीतून यायचा आमच्या अंगणात. चुलीपुढं असं तोंड करून बसायचा की मला वाटायचं, भिंतीपलीकडे याला कोणी विचारतच नाही.

निशिगंधा: घ्या! अन् मायाकडून खाऊन गेलेला राहे तो. परत आला का मायापुढं तसंच तोंड. मले वाटे, अनुपमा एक तुकडा टाकत नसन. म्हणून मी अजून अर्धी भाकर वाढवली व.

अनुपमा: म्हणजे मी तुम्हाला नावं ठेवत होते आणि तुम्ही मला.

निशिगंधा: अन् त्यानं दोघीले उल्लू बनवलं.

सोजराबाई: फुगलेलं पोट उतरलं काय व त्याचं?

अनुपमा: थोडं उतरलंय, आत्याबाई. इंजेक्शन दिलंय. तुमच्या खाटेखाली निजलाय बघा. डॉक्टर म्हणाले, अजून एक दिवस गेला असता तर हाती लागलं नसतं.

निशिगंधा: मोरीत अटकला म्हणून समजलं. नाही तं रोज येजा करे, कोण पाहे?

अनुपमा: काल मी त्याचं डोकं धरलंय इकडून, तुम्ही तिकडून मागचे पाय. आणि तो मधे कोकलतोय.

निशिगंधा: दोघा भावांचं बोलणं तुटल्यापासून चार महिन्यात तुयासंग पहिला शब्द बोललो म्या, तो बी मोरीत तोंड घालून.

अनुपमा: “वढू नको, ढकल,” असं म्हणालात.

निशिगंधा: मंग काय म्हणू? “कशी आहेस बाई, बरी आहेस का,” असं म्हणू? त्याचे डोये पांढरे झाले होते.

अनुपमा: ताई, हसू नका. मला रात्रभर झोप आली नाही.

निशिगंधा: मी कुठी हसून राह्यली? मले काय झोप आली?

सोजराबाई: हसा व. लय दिसानं दोघी एका खाटीवर बसल्या. मायाच खाटीवर बसल्या, पण बसल्या तं.

अनुपमा: पटकन आटपूया. हे सोनाळ्याहून येतीलच आता. मी इथं बसलेली दिसले तर पुन्हा दोन दिवस अबोला. तर ताई, सहाची पेज कोणी द्यायची?

निशिगंधा: मी देतो. आठची बी मीच देतो. तू काही देऊ नको आता, कितीबी तोंड करू दे.

अनुपमा: मी एकसुद्धा द्यायची नाही?

निशिगंधा: अव, एकीनंच द्यावं असं तूच वाचून दाखवलं ना आत्ता.

अनुपमा: हो. लिहिलंय खरं. “एकाच व्यक्तीने, एकाच भांड्यात.” नावसुद्धा एकच ठेवा म्हणाले. कागदावर नाव लिहायचं होतं तर मी टायगर म्हणाले, आणि मागून तुमची लेक समीक्षा म्हणाली, राजा. डॉक्टर पेन धरून बघतच राहिले.

निशिगंधा: मंग काय लिवलं?

अनुपमा: “कुत्रा” लिहिलं.

सोजराबाई: लहान्या हाये त्याचं नाव.

निशिगंधा: हे अजून तिसरंच. आत्याबाई, तुमी कधी ठेवलं हे?

सोजराबाई: ठेवलं काय, म्हणतो मी. म्हटलं का येते.

अनुपमा: आणि आठनंतर काहीच द्यायचं नाही. साडेआठला अंगणात फिरवून आणायचं, म्हणजे रात्री घाण करणार नाही. पण ताई, मला एक कळलं नाही. डॉक्टर म्हणाले, दोन वाट्यांनी एवढं पोट फुगत नाही. अजून कुठंतरी खातोय हा. उलटीत वरण-भात होता, लसणाची फोडणी होती. मी तर वरण घालत नव्हते.

निशिगंधा: म्या बी नाही. गल्लीत जाते तं नाही ना कोणाकडं?

सोजराबाई: गल्लीत नाही जात तो.

निशिगंधा: तुमाले काय माहीत? तुमी तं खाटीवरून उठत नाही संध्याकाळी.

सोजराबाई: म्हणूनच माहीत हाये मले.

अनुपमा: आत्याबाई?

निशिगंधा: आत्याबाई, तुमी तुमच्या ताटातलं देत होत्या त्याले?

सोजराबाई: निम्मं. जास्त नाही. मले कुठी चावते आता? तुमी वाढता तेवढं जात नाही मायाच्यानं. अन् परत दिलं तं तुमाले वाटन, भाजी आवडली नाही म्हातारीले.

निशिगंधा: बाप्पा! तीन जेवणं. तीन जेवणं हानत होतं व ते एवढंसं पिल्लू!

अनुपमा: सांगायचं तरी, आत्याबाई. मरता मरता वाचलाय.

सोजराबाई: चुकलंच मायं. मले काय समजते? तो ताटापाशी येऊन बसे. हात चाटे. मले वाटे, बसते बिचारा, तं खाऊ दे. जेवताना पाशी बसणारं कोणी असलं का घास उतरते.

निशिगंधा: आमी काय पाशी बसत नाही?

सोजराबाई: तुमी वाढून जाता, बाई. तुमाले कामं राह्यतात. मी तक्रार नाही करत.

अनुपमा: रडू नका ना. तुम्हाला कोणी बोलत नाहीये.

सोजराबाई: मी नाही रडत. तू वाच पुढं. निजायचं काय लिवलं?

अनुपमा: निजायचं… एक पोतं घ्यायचं, दोन घड्या घालून. खाली ओल नको, वारा नको. आणि जागा बदलायची नाही. हे दोनदा सांगितलं त्यांनी. म्हणाले, लहान जनावराला रोज एकाच जागी निजवा. आज इथं, उद्या तिथं केलं की त्याला कळत नाही आपलं घर कोणतं. मग ते रात्रभर रडतं, खाणं सोडतं.

निशिगंधा: मंग मायाकडंच निजू दे. तुमचे कुलदीपभाऊ वसरीत झोपतात. परवा त्याच्यावर काठी उगारली ना त्यायनं?

अनुपमा: उगारली. मारली नाही.

निशिगंधा: आमचे हे काही म्हणत नाहीत कुत्र्याले. म्हणतात, राखणीले होईन.

अनुपमा: ठीक आहे. तुमच्याकडेच. पण मग मोरी बुजवावी लागेल, ताई. उघडी राहिली तर तो माझ्याकडे येणारच. आणि आला, तर माझ्याच्यानं नाही म्हणवणार नाही. मी आधीच सांगते.

निशिगंधा: वीट लावू आतून. दोन विटा हायेत मांगच्या दारी.

सोजराबाई: मोरी बुजवता?

निशिगंधा: त्याच्या भल्यासाठीच, आत्याबाई.

सोजराबाई: हाव. भल्यासाठीच. आज एकतीस ना व?

अनुपमा: हो.

सोजराबाई: म्हणजे आज मायी महिन्याची बारी बदलते. दिवे लागायच्या आत खाट तुयाकडं.

अनुपमा: हो, आत्याबाई.

सोजराबाई: मंग तो इकडं, अन् मी तिकडं.

निशिगंधा: …महिन्याचीच तं गोष्ट हाये. पुढचा महिना सरला का तुमी इकडंच येसान.

सोजराबाई: तोवर तो मोठा होईन. मोठं झाल्यावर कोण बसते म्हातारीपाशी?

अनुपमा: ताई, एक बोलू?

निशिगंधा: बोलू नको. मले माहीत हाये तू काय बोलणार.

अनुपमा: पिल्लू आत्याबाईंच्या खाटेखालीच निजतं. खाट जिकडं, तिकडं ते. मग पिल्लाची जागा बदलायची नसेल, तर खाटच हलवली नाही तर? राहू द्या ना यांना इथंच. जेवण मी माझ्या बारीला इथं आणून देत जाईन, डब्यात घालून.

निशिगंधा: अन् सांगन कोण?

अनुपमा: तुम्ही दादांना सांगा. ते मोठे आहेत.

निशिगंधा: मी सांगू? मांग फेब्रुवारीत अठ्ठावीस दिवस भरले तं तुया नवऱ्यानं खाट दारात आणून ठेवली होती, अन् आमच्या यायनं तीस भरल्याशिवाय आत घेतली नाही. माय दोन दिवस कुठी होती, सांग?

अनुपमा: वसरीत. मधल्या भिंतीपाशी.

निशिगंधा: पाह्य. अन् मी त्यायले जाऊन सांगू का कुत्र्याची झोपमोड होते म्हणून मायले हलवू नका?

अनुपमा: डॉक्टरांचा कागद दाखवू.

निशिगंधा: कागदावर कुत्र्याचं लिवलं हाये, बाई. हिचं कुठी लिवलं?

अनुपमा: मग मीच आमच्या यांना बोलते. आज बोलते.

निशिगंधा: बोलशीन काय, अनुपमा?

अनुपमा: विहिरीवरच्या मोटरीच्या बारीवरून दोघा भावांचं भांडण निघालं तेव्हा मी एकदा मधे बोलले होते. तुम्हाला भिंतीपलीकडं ऐकू गेलंच असेल.

निशिगंधा: गेलं होतं. मी इकडं कान दाबून बसली होती. यावं वाटलं. नाही आली.

सोजराबाई: राहू द्या व. तुमी दोघी काऊन भांडणात पडता? मीच बोलली असती. पण मी कोणाले बोलू? एकाले बोललो तं दुसऱ्याची माय झाली म्हणतात. दोघं लहान होते तवा एकाच गोधडीत निजत, पाय मारत एकामेकाले. मी मधात निजो. तवापासून मधातच हाये मी.

अनुपमा: आत्याबाई, तुमचं गाठोडं बांधून ठेवलंय का?

सोजराबाई: सकायीच बांधलं. दोन लुगडी, चश्मा, गोळ्याची डबी. बांधायले लागते किती?

निशिगंधा: गुडघ्याचं तेल घेतलं काय?

सोजराबाई: घेतलं.

निशिगंधा: रातची उशी? ती ताठ उशी नका घेऊ, मान धरते तुमची. मायावाली नेजा.

सोजराबाई: ती तुया घरची हाये, बाई. मांग घरातल्या उशा मोजल्या होत्या तुया शेखरनं.

निशिगंधा: नेजा म्हणतो ना मी. मी पाहून घेईन त्यायले.

(दारासमोर मोटरसायकल थांबते.)

अनुपमा: हेच आले. खाट न्यायला आले असतील. ताई, मी मागच्या दारानं जाते. वीट तुम्ही लावा. पेज सहाला, विसरू नका. दोनच चमचे.

निशिगंधा: हाव, हाव. पळ. पदर डोक्यावर घे, मांगच्या दारी शेजारच्या शेषरावची माय बसली राह्यते.

अनुपमा: आत्याबाई, तो उठला बघा. तुमच्या पदराला धरतोय.

सोजराबाई: सोड रे. सोड, लहान्या. निशिगंधा, धर त्याले. मायामांग येईन तो.

निशिगंधा: धरला. त्याचं पोतं कुठी टाकू, आत्याबाई? चुलीपाशी टाकू?

सोजराबाई: भिंतीशी टाक. मोरीच्या तोंडाशी, विटीच्या अलीकडं. अन् अनुपमा, जायच्या आधी ऐक. कुलदीपले सांगजो, मायी खाट बी तिकडून मोरीपाशीच लाव म्हणा. वास आला तं चालते.