थर्मोस्टॅट तपासणाऱ्याची गाडी

बारा वर्षं झाली राव, निघोजेच्या कंपनीत मी थर्मोस्टॅटच तपासतोय. त्यामुळे माझ्या जुन्या गाडीचा टेंपरेचरचा काटा वर चढेना, तेव्हा थर्मोस्टॅट बिघडलाय हे निदान मीच केलं. नवा थर्मोस्टॅट घेऊन थेरगावला जाधव मिस्त्रीकडे गेलो. तो बोल्ट खोलत होता आणि मी त्याला शिकवत होतो, "याच्याशिवाय इंजिन थंडच राहतं, ॲव्हरेज पडतं."

त्यानं झाकण काढलं. आत थर्मोस्टॅटच नव्हता.

"कुठल्या गाढवानं काढला?"

"मीच काढला, भाऊ," मिस्त्री म्हणाला. "दोन वर्षांपूर्वी तो अडकून गाडी तापली होती, तुम्हाला देहूला लग्न गाठायचं होतं. म्हणालात, काढून टाक, आपल्या हवेत कुठं लागतो तो."

"मी असं म्हणेन का?"

"म्हणालात की. अंगात हाच कंपनीचा शर्ट होता."