आधी वेगळ्या टाकीत

हात घालू नका! — काढा तो हात आधी बाहेर — आता पकडून तरी काय उपयोग? मासा त्या पाण्यात फिरला, झालं. मी चहा सांगायला गेले तेवढ्यात थेट मोठ्या टाकीत डबा उपडा केलात? — गंमत! मला दचकवायची गंमत! मी तशीही दचकते, पंखा खडखडला तरी दचकते, त्यासाठी मालवणहून मासा आणायला नको होता.

माशावर राग नाही हो. देखणा आहे. लग्नाची मुलगी बघायला येणारे पेढे आणतात, तुम्ही एसटीत मांडीवर डबा धरून हे आणलंत — आमचे शिपाई गुंडूमामासुद्धा खूश, "बाई, पावणं लई हौशी हायत की!" — हौशी! गेल्या खेपेला याच प्राणिशास्त्राच्या खोलीत सांगितलं ना मी तुम्हाला? नवा मासा आला की आधी त्या कोपऱ्यातल्या वेगळ्या टाकीत. चांगले चार आठवडे. अंगावर मीठ भुरभुरल्यासारखे पांढरे ठिपके येतात का, बघायचं. आले तर तिथंच मोरचुदाचं औषध — का तिथंच? कारण मोठ्या टाकीत मोरचूद पडलं की हे समुद्रफूल मेलं — नावाला फूल, आहे प्राणीच — खेकडे मेले. म्हणजे रोग इथं शिरला तर औषधसुद्धा देता येत नाही — तुम्ही 'हो, हो' म्हणत होता. मग लक्ष कुठं होतं? — माझ्याकडे! वा!

कोल्हापुरात समुद्र आहे का? रत्नागिरीहून समुद्राच्या पाण्याचे कॅन आणलेत मी, एसटीच्या टपावर चढवताना कंडक्टरशी भांडून. आमचे प्रिन्सिपल सर म्हणतात, रंकाळ्यातले मासे काय वाईट आहेत? यातला एक जरी मेला ना, टाकी अडगळीत आणि मी परत बेडूक कापायला. रोज कुणीतरी मलाच शहाणपण शिकवून जातं — आणि मला वाटलं, एक माणूस तरी मन लावून ऐकतोय. आईला तसंच सांगितलं मी — बाकी काही बघू नकोस, हा ऐकतो. म्हणून तर दादा आज संध्याकाळी तुमच्या काकांना होकार —

काही नाही. काही म्हणाले नाही मी.

हसताय? टाकीत विष कालवून हसताय? — होकार कळवणार होते. होते, म्हटलं मी! तेवढं तरी नीट ऐका. — नाही, माफी नको, तो डबा उचला. गुंडूमामा! पावण्यांना फाटकापर्यंत सोडा. आणि राजारामपुरीत आमच्याकडे जाऊ नका आता, आई पोह्यांना बसवून घेईल. होकार जायच्या आत, तुमच्याआधी मला दादांना गाठायचंय.