चटणीतलं मीठ

(भांडुप, १९८४. चाळीतलं स्वयंपाकघर. स्टोव्हवर चिंच-गुळाची चटणी रटरटतेय. सासू सुंदराबाई, सून नलिनी.)

सुंदराबाई : अजून वायच मीठ घाल गो.

नलिनी : परत? आई, आत्ताच घातलंत ना तुम्ही!

सुंदराबाई : घातलंय तर लागना कित्याक नाय? गुळाकव गोडी नाय. आज कुंदा सासरच्या मान्सांका पयल्यांदा घेवन येता. माझ्या चटणीचा तिना सगळ्यांका सांगून ठेवल्यान हा. मिठाचो डबो दी.

नलिनी : थांबा. आधी मला चाखू द्या.

सुंदराबाई : चाख... तोंड कित्याक वाकडा केलंस?

नलिनी : वाट लागली, आई. इतकी खारट झालीय, जिभेवर ठेववत नाही.

सुंदराबाई : काय बोलतंस! आन ती पळी.

नलिनी : लागलं ना खारट?

सुंदराबाई : गरम लागली.

नलिनी : आणि?

सुंदराबाई : गरमच.

नलिनी : आई... कधीपासून असं?

सुंदराबाई : त्या तापातून उठलंय तवापासून. वाटला, येतली चव परत.

नलिनी : अहो, मग रोजचं जेवण?

सुंदराबाई : तुझो न्हवरो लवू जेवताना त्याच्या तोंडाकडे बगतंय. माझो झील बरा म्हनालो, की मीय बरा म्हनतंय.

नलिनी : डॉक्टरांना विचारलंत?

सुंदराबाई : विचारलंय. बोलले, चव इली तर इली.

नलिनी : मला तरी सांगायचं.

सुंदराबाई : काय सांगू? घरात एक ह्याच काम माझा म्हनान होता.

नलिनी : रडू नका ना. ही टाकून देऊ. चिंच आहे, गूळ आहे. परत करू. तुम्ही सांगा, मी चाखते.

सुंदराबाई : चव सांगून येता काय गो? माझ्या आयशीन माका कधी सांगूक नाय. जीभच सांगायची.

नलिनी : मग मी काय करू? माझ्या हातची वन्सं पहिल्या घासालाच ओळखतील.

सुंदराबाई : वळखतली... चिंच कोळ तू. कोळ.

नलिनी : (थोड्या वेळाने) उकळी आली, आई. गूळ विरघळला. जिरंही घातलं.

सुंदराबाई : आता मीठ. चिमटीनच. चाख.

नलिनी : चांगली झालीय. तुमच्यासारखी नाही, पण चांगली आहे.

सुंदराबाई : कानाखाली, दोनय बाजूक, पानी सुटता?

नलिनी : थोडंसं.

सुंदराबाई : थोडाच?

नलिनी : थोडंच, आई.

सुंदराबाई : ऱ्हवांदे. आता परत एकदा चाख, आनि माका चव सांग. घाई करू नको. हळूहळू सांग.