इंजिन बंद

विद्याश्री : म्हणजे ‘इंजिन बंद’ वाजवायचंच नाही? भुवन, आपलं तेवढं एकच गाणं लोकांना ठाऊक आहे.

भुवन : उद्या नको, विद्या. बाकी कुठंही वाजवू.

विद्याश्री : अय्यो देवा. कॉलेजपासून तुझ्या मागं ड्रम बडवतेय मी. ‘गंजलेली तलवार’ हे बँडचं नाव वाचून एक काका घरची खरी तलवार घेऊन आले धार लावायला. एका लग्नात नवरीच्या बापानं प्लगच काढला. एवढं सोसून आता कुठं आपल्या मराठी समाजानं हॉलमध्ये बोलावलं, आणि तू हिट गाणंच काढतोस?

भुवन : समाजाचा हॉल आहे म्हणूनच. म्हैसुरात बाहेर कन्नड पोरं नाचतात, शब्द एकालाही कळत नाही. त्या भरवशावर मी घरच्यांची टर उडवत आलो. उद्या सगळा हॉल मराठी. पहिल्या रांगेत अप्पा.

विद्याश्री : गंगाधरमामा चिडणार नाहीत.

भुवन : गाण्यात काय आहे आठव. चामुंडी टेकडीच्या उतारावर एक माणूस पेट्रोल वाचवायला स्कूटर बंद करतो आणि मागं बसलेली बायको ओरडते, ‘अहो, चालू करा, चालू करा.’ तो माणूस कोण, शेंबड्या पोरालाही कळेल. चारचौघांत बापाचं हसं करू?

विद्याश्री : इतकी वर्षं केलंस की. कळत नव्हतं तोवर चाललं, आता लाज वाटते?

भुवन : आई होती तेव्हा वेगळं होतं. तीच सगळ्यात जास्त हसायची. आता अप्पा एकटे. त्यांनी ते गाणं कधी ऐकलेलं नाही, ऐकवायचंही नाही.

विद्याश्री : ऐकलेलं नाही? येलवालच्या, टी. नरसीपूरच्या कार्यक्रमाला आपले ड्रम कोण घेऊन आलं? मीच का चालवते व्हॅन?

भुवन : ते बाहेर व्हॅनमध्ये झोपतात.

(गंगाधरराव कॉफीचे पेले घेऊन जिना चढून येतात.)

गंगाधरराव : कोण झोपतंय? तुमच्या त्या गोंगाटात?

भुवन : अप्पा, तुम्ही... ते गाणं ऐकलंय?

गंगाधरराव : पाठ आहे. आणि चुकीचं आहे. मी वरपासून बंद करत नव्हतो. वाटेतला तो मोठा दगडी नंदी ओलांडल्यावर करायचो. तेवढं सुधार.

भुवन : उद्या मी ते गाणार नाही. लोक तुम्हाला हसतील.

गंगाधरराव : हसू देत. सुम्ने, उगाच माझ्यावर उपकार नको करू. या घरात आपण बोलतो काय रे? मी म्हणतो जेव, तू म्हणतोस जेवलो. तिचं नाव तू काढत नाहीस, मीही नाही.

विद्याश्री : मामा, बसा जरा.

गंगाधरराव : बसतो की. व्हॅनमध्ये तेच करतो. आत ती सगळी कन्नड पोरं एकदम ओरडतात, ‘अहो, चालू करा.’ तिचंच बोलणं, तिच्याच हेलात. अर्थ त्यांना ठाऊक नाही, मला आहे. थंडीतसुद्धा काच खाली ठेवून बसतो मी.

विद्याश्री : भुवन, कॉफी घे. गार होतेय.

भुवन : हं. अप्पा, नंदी ओलांडल्यावर, ना?

गंगाधरराव : ओलांडल्यावर. नंदीला हात जोडल्याशिवाय ती इंजिन बंदच करू द्यायची नाही.