रविवारची मोजणी

हाडांच्या दवाखान्यात माझ्या शेजारी एक शिवणकाम करणारी बाई आणि एक निवृत्त कारकून नंबरची वाट बघत बसले होते.

"गुडघ्याला काय झालं, ताई?"

"चालून चालून सुजलाय, काका. आमच्या वस्तीची बस बंद केली. कारखाना चार किलोमीटर. जाऊन-येऊन आठ."

"पाण्याच्या टाकीपासून सुटायची ती?"

"तीच. प्रवासीच नाहीत म्हणे! अहो, सकाळी सातला पाय ठेवायला जागा नसायची. तुम्ही जायचात तिनं?"

"एकदाच गेलो. माणसं मोजायला. मी परिवहन कचेरीत होतो."

"मग दिसलं असेल की तुम्हाला."

"गाड्यांसाठी रस्ता रुंद करायचा होता, बसथांबे मधे येत होते. साहेब म्हणाले, मोजणी रविवारी करा."

"रविवारी तर कारखाना बंद असतो."

"माहीत होतं मला."

"मग तसं लिहायचंत ना!"

"लिहिलं होतं. साहेबांनी ते पान बदलायला सांगितलं. मी बदललं."

"किती माणसं भरली?"

"अकरा. मी दाराशी उभा राहून मोजत होतो. त्यातली एक पोर बाळाला घेऊन दाराजवळच्या जागेवरून उठली आणि मला म्हणाली, काका, तुम्ही बसा."

"बसलात?"

"बसलो. बसूनच मोजलं."

"आणि त्या अकरा माणसांवर आमची बस बंद झाली."

"माझा नंबर पुकारतायत. तुम्ही जा आधी, ताई. दुखत असेल."

"नको. तुमचा नंबर आहे, तुम्हीच जा. बाहेर आलात की ते बदलायच्या आधीचं पान मला पुन्हा लिहून द्या. खाली सही करा. मी थांबते."